उजव्या हेडलाइटचा डिपर गेला: एच४ बल्ब घरी बदलताना काय काय सांभाळायचं?

रातकिडा

गाडीच्या उजव्या हेडलाइटचा डिपर बंद आहे. त्याच बाजूचा अप्पर लागतो, डावीकडे दोन्ही व्यवस्थित. माहितीपुस्तिकेप्रमाणे बल्ब एच४, १२ व्होल्ट, ६०/५५ वॅट. बॉनेट उघडलं की दिव्याच्या मागे रबरी टोपी दिसते. पण त्या बाजूला बॅटरी असल्यामुळे जेमतेम एक हात आत जातो, आणि हात गेला की दिसायचं बंद होतं.

बल्बच गेलाय हे खोलण्याआधी नक्की करता येईल का? बॅटरीची वायर काढावी लागते का? आतली तारेची क्लिप न बघता कशी सोडवायची आणि परत कशी लावायची? काचेला बोट लावायचं नाही म्हणतात, ते कितपत खरं? आणि खोलतोच आहे तर १००/९० वॅटचा किंवा एलईडी बल्ब टाकावा का? मल्टिमीटर आहे, वापरता येतो.

---

ओहमकार

एका बाजूचा अप्पर चालू आणि डिपर बंद, म्हणजे बहुतेक वेळा बल्बमधली डिपरची तार तुटलेली असते. एच४ मध्ये एकाच काचेत दोन तारा असतात. डिपरची तार जास्त तास जळते, म्हणून आधी तीच जाते.

तरी खोलण्याआधी फ्यूज बघा. बऱ्याच गाड्यांत डाव्या आणि उजव्या डिपरला वेगवेगळे फ्यूज असतात, १० किंवा १५ ॲम्पियरचे. फ्यूजच्या डब्याच्या झाकणावर नकाशा असतो. डाव्याचा फ्यूज उजवीकडे लावून बघा, दिवा लागला तर काम तिथेच सापडलं. उडालेल्या फ्यूजच्या जागी तेवढ्याच ॲम्पियरचा घाला, मोठा कधीच नाही. बल्ब जाताना तुटलेली तार आत आडवी पडली तर क्षणभर शॉर्ट होऊन फ्यूजही सोबत जातो, त्यामुळे फ्यूज उडालेला दिसला तरी बल्ब तपासायचाच.

दोन्ही बाजूंचे डिपर एकाच वेळी गेले असते तर गोष्ट वेगळी होती. तेव्हा रिले, स्टिअरिंगजवळचा कॉम्बिनेशन स्विच, नाहीतर चार्जिंगचा व्होल्टेज याकडे आधी बघायचं. इंजिन चालू असताना बॅटरीवर १३.८ ते १४.५ व्होल्ट दिसायला हवेत. १५ च्या वर जात असेल तर अल्टरनेटरचा रेग्युलेटर बिघडलाय, आणि नवे बल्बही लवकरच जाणार. एच४ सारख्या हॅलोजन बल्बचं आयुष्य व्होल्टेजला फार नाजूक असतं: ५ टक्के जास्त मिळाला की आयुष्य जवळपास निम्मं होतं.

बल्ब बाहेर काढल्यावर मीटर ओहमवर ठेवा. मागे तीन पाती असतात, एक सामाईक आणि दोन तारांची एकेक. सामाईक पात्यापासून धडधाकट तारेचा रोध १ ओहमपेक्षा कमी दिसतो. ५५ वॅटचं गणित केलं तर २.६ ओहम यायला हवेत, म्हणून काही जण बल्ब शॉर्ट समजून फेकून देतात. तो २.६ आकडा पेटलेल्या, पांढऱ्याशुभ्र तापलेल्या तारेचा. थंड टंगस्टनचा रोध त्याच्या दहाव्या हिश्शाच्या आसपास असतो. तुटलेल्या तारेला मीटर काहीच दाखवणार नाही.

कपलर (बल्बच्या पात्यांवर बसणारा, वायरी असलेला प्लॅस्टिकचा जोड) मोकळा असताना त्यात मीटर घालून १२ व्होल्ट दिसले म्हणजे वायरिंग ठीक, असं मात्र धरू नका. मीटर जवळजवळ प्रवाह ओढतच नाही. जळलेल्या, सैल जोडातूनही मोकळा व्होल्टेज पुरा दिसतो आणि साडेचार ॲम्पियरचा बल्ब लावला की कोसळतो. मोजायचं ते बल्ब जोडून, दिवा लावून, कपलरच्या मागच्या बाजूने वायरच्या कडेने बारीक पिन सरकवून.

आणखी एक: काही जपानी गाड्यांत सामाईक पातं अर्थचं नसून प्लसचं असतं आणि स्विच अर्थ जोडतो-तोडतो. म्हणून काळी पिन कायम बॅटरीच्या मायनसवर ठेवून तिन्ही पाती तपासा, मगच कोणतं काय ते ठरवा.

---

पक्कडपान्हा

कामाबद्दल सांगतो. हत्यारं फार लागत नाहीत: छोटा आरसा, कपाळावर बांधायची बॅटरी किंवा मोबाईल, स्वच्छ सुती किंवा नायट्राइल हातमोजे, आयसोप्रोपिल अल्कोहोल, चष्मा. चष्मा यासाठी की हॅलोजन बल्बच्या आत थंड असतानाही वातावरणाच्या कितीतरी पट दाबाने वायू भरलेला असतो. हातातून निसटून फुटला तर तुकडे उडतात.

दिवे बंद, किल्ली बाहेर. साध्या हॅलोजनसाठी बॅटरीची वायर काढायची गरज नाही, उलट काढली तर काही गाड्यांत रेडिओचा कोड आणि काचांचं सेटिंग पुन्हा करत बसावं लागतं. पण तुमच्या गाडीत बॅटरीच आडवी येतेय. तिची पट्टी सोडवून बॅटरी उचलून बाजूला ठेवली तर दोन्ही हात मोकळे होतात आणि अर्ध्या तासाची झटापट पाच मिनिटांवर येते. तसं करणार असाल तर आधी मायनस काढा, मग प्लस. लावताना उलट. इंजिन गरम असेल तर रेडिएटरचा पंखा किल्ली बंद असतानाही अचानक फिरतो, तेव्हा गार होऊ द्या. बल्ब नुकताच जळत असेल तर त्यालाही पंधरा मिनिटं द्या.

खोलायच्या आधी गाडी सपाट जागी भिंतीसमोर उभी करून चालू असलेल्या डाव्या दिव्याची कटरेषा, म्हणजे डिपरचा प्रकाश वर जिथे संपतो ती कड, भिंतीवर चिकटपट्टीने आखून ठेवा. पुढे उपयोगी पडते.

आता क्रम. आधी कपलर ओढा. वायर धरून नाही, कपलरचं अंग धरून, वरखाली किंचित हलवत. सहज निघाला तर उत्तम. अजिबात हलेना तर आत पाती तापून चिकटलेली असण्याची शक्यता मोठी, आणि तसं असेल तर नवा बल्ब टाकून प्रश्न मिटणार नाही. निघालेल्या कपलरचं तोंड उजेडात बघा: प्लॅस्टिक तपकिरी, वितळलेलं किंवा फुगलेलं आहे का, आतली पितळी पकड काळवंडली आहे का. मग रबरी टोपीच्या कडेला असलेले कान धरून ती मागे ओढा. टोपीवर बहुतेक वेळा 'टॉप' असं लिहिलेलं असतं किंवा बाण असतो, तो कुठे होता त्याचा फोटो काढा.

टोपीखाली तारेची क्लिप. तिचं एक टोक बिजागरीत अडकलेलं असतं आणि दुसरं मोकळं टोक एका खाचेत किंवा आकड्याखाली. नुसती बाजूला ढकलली तर हलत नाही. आधी ते टोक दिव्याच्या दिशेने, म्हणजे गाडीच्या पुढच्या बाजूला दाबायचं, दाबलेलंच ठेवून बाजूला सरकवायचं, की आकड्यातून सुटतं आणि क्लिप दारासारखी उघडते. ज्या बाजूचं चालू आहे, म्हणजे डावीकडे, आधी टोपी काढून एकदा डोळ्यांनी बघून करा. दोन्ही बाजूंच्या क्लिपा एकसारख्या किंवा आरशातल्या प्रतिमेसारख्या असतात. एकदा बोटांना कळलं की उजवीकडे बघावं लागत नाही. क्लिप पूर्ण उपसू नका. बिजागरीतून निसटली तर ती दिव्याच्या पोटात पडते आणि लवचिक दांडीचा चुंबक घेऊन शोधत बसावं लागतं.

बल्ब सरळ मागे येतो. जुना लगेच काढून ठेवू नका, आधी नवा खोक्यातून काढून तयार ठेवा. दिव्याचं तोंड जास्त वेळ उघडं राहिलं तर धूळ आत जाते. आतला रिफ्लेक्टर कधीही पुसायचा नाही. ती चकाकी ॲल्युमिनियमच्या अतिशय पातळ थराची असते, मऊ कापडानेही ओरखडे उठतात आणि ते कायमचे राहतात.

काचेला बोट न लावण्याबद्दल: खरंच आहे. कारण 'तेलामुळे फुटतो' एवढंच सांगितलं जातं, ते अर्धवट. घामातल्या क्षारांमधलं सोडियम तापलेल्या क्वार्ट्झमध्ये शिरतं आणि त्या जागी काच स्फटिकासारखी होऊन दुधाळ पडते. तिथे ती कमजोर होते, उष्णता अडकते, फुगवटा येतो, तडा जातो. बोट लागलंच तर बल्ब फेकायचा नाही. गार असतानाच अल्कोहोलने पुसून कोरडा करा. पेटवल्यावर पुसून उपयोग नाही.

बसवताना एच४ च्या गोल कॉलरला तीन पाकळ्या असतात, त्यांतली एक रुंद. रुंद पाकळी वर येते. बाकीच्या दोन खाली डाव्या-उजव्या खाचांत. बल्ब एकाच दिशेने पूर्ण बसतो, पण अर्धवट मात्र कसाही टेकतो, आणि गडबड नेमकी तिथेच होते. डिपरच्या तारेखाली एक छोटी धातूची वाटी असते, ती खाली जाणारा प्रकाश अडवून फक्त रिफ्लेक्टरच्या वरच्या भागाला देते. बल्ब एक-दोन अंशही तिरका राहिला तर कटरेषाच बिघडते आणि समोरच्याच्या डोळ्यांत प्रकाश जातो. कॉलर चारी बाजूंनी टेकली का हे बोट फिरवून पाहा, क्लिप लावण्याआधी बल्ब हलवून पाहा. हलता कामा नये. क्लिप नुसती टोकावर अडकलेली नको, कॉलरवर दाबून बसलेली हवी. क्लिप जोर लावूनही लागेना, तर नव्वद टक्के दोष क्लिपचा नसतो, पाकळी खाचेबाहेर असते.

मग टोपी. हा भाग लोक उरकतात. तिन्ही पाती टोपीच्या मधल्या भोकातून पूर्ण बाहेर आली पाहिजेत, मधली कड बल्बच्या बुडाला घट्ट बसली पाहिजे आणि बाहेरची कड दिव्याच्या खोबणीत सगळीकडून. शेवटी कपलर, तळापर्यंत. अर्धवट ढकललेला कपलर सुरुवातीला चालतो आणि महिन्याभरात वितळतो.

दोन्ही बाजूंचे बल्ब एकदमच बदला. दोघांनी सारखेच तास काढलेत. डावा अजून जळतोय, पण जुना झाल्यावर काच आतून काळसर होऊन प्रकाश उतरलेला असतो. तो काढलेला चालू बल्ब कागदात गुंडाळून गाडीत ठेवा.

---

सरळसोट

वॅटचं आणि एलईडीचं कुणी घेतलं नाही, म्हणून.

१००/९० नको. १२ व्होल्टला ६० वॅट म्हणजे ५ ॲम्पियर, १०० वॅट म्हणजे ८.३. वायर आणि जोडांत निघणारी उष्णता प्रवाहाच्या वर्गाने वाढते, म्हणजे पावणेतीन पटींहून जास्त. स्विच, कपलर, रिफ्लेक्टर, प्लॅस्टिकची काच, काहीच त्यासाठी बनवलेलं नसतं. आणि गंमत म्हणजे मूळ वायरिंगवर व्होल्टेज एवढा पडतो की वाढलेल्या वॅटांचा बराच भाग वायरी तापवण्यातच जातो. प्रकाश कमी वाटत असेल तर आधी बल्बपर्यंत किती व्होल्ट पोचतात ते मोजा. १० टक्के व्होल्टेज कमी मिळाला तर प्रकाश सुमारे ३० टक्के कमी होतो. ही गळती थांबवली की साधा ६०/५५ च नवा वाटतो.

'इतके टक्के जास्त प्रकाश' लिहिलेले बल्ब असतात, त्यांची तार आखूड आणि जास्त तापणारी असते. प्रकाश खरंच थोडा लांब पडतो, पण आयुष्य कमी. निळसर काचेचे बल्ब तर प्रकाश गाळूनच निळे दिसतात, पांढरं दिसणं आणि जास्त दिसणं यात फरक आहे.

एलईडीचं कारण निव्वळ भूमितीचं. हॅलोजनचा रिफ्लेक्टर एका बारीक, काही मिलिमीटर लांबीच्या, चहूबाजूंनी प्रकाश देणाऱ्या तारेसाठी आखलेला असतो. एलईडी बल्बमध्ये पट्टीच्या दोन्ही अंगांना चपटे तुकडे असतात. पट्टीची जाडी आणि तुकड्यांचा आकार यांमुळे प्रकाशाचा उगम सरकतो, गाडीजवळ झगझगीत डाग पडतो, लांबवर कमी मिळतं आणि कटरेषेच्या वर फेक सांडते. शिवाय मागचा पंखा किंवा उष्णतेचे पंख रबरी टोपीत मावत नाहीत, मग टोपी कापली जाते आणि पावसाचं पाणी आत येतं. काही देशांत ठराविक गाडीसाठी ठराविक एलईडी बल्बला रीतसर मान्यता आहे, तिथे तो जोड तपासून घेतलेला असतो. बाकी ठिकाणी दिव्याची मान्यता हॅलोजनची असते. काचेवर कोरलेली 'एचसीआर' अक्षरं म्हणजे हॅलोजन, डिपर आणि अप्पर दोन्ही.

आता फोकस. बल्ब बदलल्यावर थेट स्क्रूला हात घालू नका. भिंतीवर आखलेल्या रेषेशी तुलना करा. बल्ब नीट बसला असेल तर कटरेषा जवळपास आधीच्याच उंचीला येते. बरीच वरखाली झाली किंवा वाकडी दिसली तर बल्ब पुन्हा काढून बसवा. वाकड्या बल्बची चूक स्क्रूने झाकली की पुढच्या वेळी कुणी बल्ब सरळ बसवेल तेव्हा दिवा आभाळाकडे बघेल.

सेटिंग करायचंच असेल तर: टायरमधली हवा बरोबर, जमीन सपाट, चालकाच्या जागी एक माणूस बसलेला, डॅशवरचा उंचीचा लेव्हलर शून्यावर. दिव्याच्या घरावर किंवा जवळच्या पत्र्यावर उताराची टक्केवारी छापलेली असते, बहुधा १ ते १.५ च्या दरम्यान. १.२ टक्के म्हणजे १० मीटरवर १२ सेंटिमीटर खाली, ५ मीटरवर ६. दिव्याचं केंद्र जमिनीपासून ६५ सेंटिमीटर असेल तर ५ मीटरवरच्या भिंतीवर कटरेषेचा आडवा भाग ५९ ला यावा. तिरका वर चढणारा भाग रस्त्याच्या आपल्या कडेला असतो, समोरून येणाऱ्याच्या बाजूला नाही. एका वेळी एकच दिवा बघा, दुसऱ्यावर पुठ्ठा धरा, पण मिनिटभरापेक्षा जास्त नको, प्लॅस्टिकची काच तापते.

---

दिवटी

मूळ प्रश्न एच४ चा आहे, पण वेगळे बल्ब असलेले लोकही हे वाचतील म्हणून थोडं.

एच७ मध्ये एकच तार, ५५ वॅट, दोन पाती. डिपर आणि अप्पर वेगळे असल्यामुळे आधी कोणतं झाकण कोणाचं ते बघा, डिपर बहुधा बाहेरच्या बाजूला. काही गाड्यांत एच७ च्या बुडाला प्लॅस्टिकचा किंवा पत्र्याचा अडॅप्टर असतो आणि तो फिरवून निघतो. नव्या बल्बसोबत तो येत नाही, जुन्यावरून काढून घ्यायचा असतो. जुना बल्ब कचऱ्यात टाकण्याआधी एवढं तपासा.

एच११ ला क्लिप नसते. प्लॅस्टिकचं बूड पाव फेरा उलटं फिरवलं की बाहेर. त्यावरची रबरी रिंग चिरलेली नसावी. रिंगवर सिलिकॉन ग्रीसचा बोटभरही नको, पुसट हात पुरे. एच८, एच९ आणि एच११ दिसायला भावंडं, वॅट अनुक्रमे ३५, ६५ आणि ५५. कान घासून एकाच्या जागी दुसरा बसवण्याची युक्ती सांगितली जाते, ती करू नका.

जागाच नसेल तर चाकाच्या आतल्या मडगार्डमध्ये झाकण आहे का बघा. उजव्या दिव्यासाठी स्टिअरिंग पूर्ण डावीकडे फिरवा, मग चाकाची पुढची कड आत जाते आणि हाताला वाट मिळते. काही गाड्यांत अख्खा दिवाच बाहेर काढावा लागतो: वरचे दोन-तीन बोल्ट, बहुतेक १० मिमी, आणि कधी बंपरची कड सैल करावी लागते.

बल्बच्या बुडावर डी१एस, डी२एस असं काही असेल तर तो झेनॉन. पेटताना त्याला २० हजार व्होल्टच्या वरचा धक्का दिला जातो. तिथे बॅटरीची मायनस काढल्याशिवाय हात घालायचा नाही, आणि सवय नसेल तर घालायचाच नाही.

बल्ब बदलल्यावर आतून वाफ दिसली तर घाबरू नका. पुसट धुकं दिवे लावून गाडी चालवल्यावर उडतं, दिव्याला श्वास घ्यायला नळ्या असतात. थेंब ओघळत असतील किंवा तळाला पाणी साचलं असेल तर बहुधा मागची टोपी नीट बसलेली नाही किंवा फाटली आहे. पाणी निघावं म्हणून तळाला भोक पाडू नका, त्यातून पुढे धूळही येते.

---

रातकिडा

बॅटरी बाजूला केली, दोन्ही बल्ब बदलले. जुन्या उजव्याची डिपरची तार तुटलेलीच होती, मीटरवर काही नाही. फ्यूज ठीक. पण नवा बल्ब लावल्यावर उजवा डिपर लागतो तो पिवळट आणि मंद. नीट पाहिलं तर उजवा अप्परही डाव्यापेक्षा फिका आहे. कपलरच्या एका कोपऱ्यात प्लॅस्टिक तपकिरी झालंय.

इंजिन बंद, डिपर लावून मोजलं. बॅटरीवर १२.३ व्होल्ट. बल्बच्या डिपर आणि सामाईक पात्यांमध्ये ९.१. बॅटरीच्या प्लसपासून डिपरच्या पात्यापर्यंत ०.४. बॅटरीच्या मायनसपासून सामाईक पात्यापर्यंत २.८. डावीकडे हेच आकडे ०.४ आणि ०.१ आहेत. आता कपलर बदलायचा की बॉडीवरचा अर्थ साफ करायचा?

---

ओहमकार

मोजमाप उत्तम केलंय, त्यामुळे अंदाज बांधायची गरज उरली नाही. ०.४ आणि २.८ मिळून ३.२, म्हणजे १२.३ मधून जे गायब झालं ते सगळं सापडलं. प्लसची बाजू स्वच्छ आहे, दोष अर्थच्या बाजूला. अर्थ दोन्ही तारांना सामाईक असल्यामुळे अप्परही फिका, हे जुळतं. हा अर्थ पूर्ण तुटला असता तर डिपरचा प्रवाह अप्परच्या तारेतून उलटी वाट काढायला गेला असता, दोन्ही तारा तांबूस मिणमिणल्या असत्या किंवा डॅशवरचा अप्परचा निळा दिवा अर्धवट लागला असता.

९.१ व्होल्टला तुम्हाला मूळ प्रकाशाच्या एक तृतीयांशाहून जेमतेम जास्त मिळतोय. आणि २.८ व्होल्ट गुणिले साधारण ३.९ ॲम्पियर, म्हणजे ११ वॅटच्या आसपास उष्णता त्या एका जोडात निघतेय. तपकिरी कोपरा त्याचाच असण्याची शक्यता दिसते, पण अजून एक मोजणी करा. काळी पिन बॅटरीच्या मायनसवर, लाल पिन कपलरमधून निघणाऱ्या अर्थच्या वायरीत, कपलरपासून दोन-तीन सेंटिमीटर मागे, सुईने वेष्टण टोचून. दिवा चालू. तिथे ०.१ दिसले तर सगळा दोष कपलरच्या आतल्या पकडीत. २.७ दिसले तर कपलर निर्दोष, दोष वायर किंवा बॉडीवरच्या बोल्टमध्ये. मधलाच काही आकडा आला तर दोन्हीकडे. टोचलेल्या जागी नंतर सिलिकॉनचा थेंब लावा, नाहीतर ओल शिरून तांबं आतून हिरवं पडतं.

कपलरच निघाला तर तो साफ करून परत वापरू नका. तापलेल्या पितळी पकडीतला ताण एकदा गेला की पक्कडीने दाबून परत येत नाही, दोन आठवडे बरं चालतं आणि पुन्हा तेच. एच४ साठी वायरींसह सिरॅमिक होल्डर मिळतात, ते वितळत नाहीत. वायर २.५ चौरस मिमीची घ्या. एच४ ची पाती साधारण ८ मिमी रुंद असतात, अरुंद थिंबल (वायरीच्या टोकाला दाबून बसवायची धातूची पकड) ताणून बसवू नका.

जुनी वायर कापताना तांबं चकचकीत दिसेपर्यंत मागे जा. काळं पडलेलं तांबं सोल्डरही घेत नाही आणि क्रिंपमध्येही (पकडीने दाबून केलेल्या जोडात) धरत नाही. तीन वायरी, तीन जोड, एकमेकांपासून दोन-दोन सेंटिमीटर मागेपुढे, म्हणजे जाडी एका जागी येत नाही आणि वेष्टण घासलं तरी दोन जोड एकमेकांना टेकत नाहीत. क्रिंप योग्य पकडीने, वर गोंदवाली आकसणारी नळी. वायरी पिळून वर टेप गुंडाळणं इथे चालणार नाही, इंजिनाच्या उष्णतेने टेपचा गोंद वितळतो. एका वेळी एकच वायर कापा आणि जोडा, तिन्ही एकदम कापल्या तर डिपर-अप्पर उलटे होतात.

बॉडीवरचा बोल्ट निघाला तर तो पूर्ण काढा, वायरीचा गोल थिंबल आणि खालचा पत्रा दोन्ही धातू दिसेपर्यंत घासा, घट्ट बसवा आणि मग वरून ग्रीस किंवा रंग लावा. आधी ग्रीस लावून बोल्ट कसण्यापेक्षा हा क्रम बरा.

काम झाल्यावर तीच मोजणी पुन्हा: अर्थच्या बाजूला ०.२ च्या आत यायला हवं. डिपर दहा मिनिटं लावून ठेवा आणि बंद केल्यावर कपलरला हात लावा. कोमट चालेल. बोट टेकवत नसेल तर एखादी पकड अजून सैल आहे.

---

पक्कडपान्हा

एक भर. सिरॅमिक होल्डर मूळ कपलरपेक्षा लांब आणि कडक असतो. तो बसवल्यावर बॅटरी जागेवर ठेवून पाहा, त्याच्या मागच्या वायरी बॅटरीच्या अंगावर दाबल्या जात नाहीत ना. दाबल्या गेल्या तर होल्डर बल्बला एका बाजूला रेटत राहतो, क्लिप ढिली पडते आणि फोकस हलतो. वायरींना तिथे हलकं वळण देऊन जवळच्या हार्नेसला (गाडीच्या वायरींच्या जुडग्याला) पट्टीने बांधा, बल्बपासून पुरेशी ढिलाई ठेवून.